करपलेला रस्सा

रविवार कारंजावर सकाळी सात.
आठ जण, आठ जोड नवे बूट.
गळ्यात माझं कार्ड : कुमुदिनी तांबट, वाटाड्या.
वाटाड्याचं स्त्रीलिंग छापणाऱ्याला सापडलं नाही,
मलाही नाही.
‘घरून खाऊन कोण आलंय?’ मी विचारते.
एक हात वर होतो, ओशाळा.
दर रविवारी एक असतोच.

दहीपुलावर मी म्हणते,
दही विचाराल तर पुढच्या दुकानात,
पूल विचाराल तर तुमच्या पायाखाली.
चौदा महिने म्हणतेय, चौदा महिने हसतायत.

मग पोपटशेठची मिसळ.
रस्सा काळा का, तर कांदा-खोबरं विस्तवावर भाजलेलं,
तळाशी दगडफूल,
जिभेवर आधी मिरं चढतं
आणि मिरची मागून येते,
जिना उतरणाऱ्या पाहुण्यासारखी, सावकाश, पण येते.
हे सगळं मला पाठ आहे.
पाठच आहे फक्त.
त्या तापात नाकानं दार लावून घेतलं
ते अजून उघडलेलं नाही.
खारट कळतं, गोड कळतं,
बाकी रस्सा म्हणजे गरम,
दही म्हणजे गार,
जिलबी म्हणजे बोटं चिकट.
जुन्या घराचा पत्ता सांगावा
तशा मी चवी सांगते.

वेंगुर्ल्याच्या आजगावकर बाई
कारंजापासून प्रत्येक वाटीत खोबरं शोधत होत्या.
एक घास घेऊन म्हणाल्या,
‘रस्सा करपलाय हो.’
मी म्हटलं, ‘करपवतातच.
तीच तर इथली खासियत.’
पुण्याच्या मुलानं वहीत लिहून घेतलं.
पोपटशेठनं पळी वर उचलली,
थोडा वेळ तशीच धरली,
आणि माझ्याकडे न बघता खाली ठेवली.

पुढे जिलबी झाली, साबुदाणा वडा झाला,
गाडीवरच्या द्राक्षांवरची पांढरी भुकटी कसली
यावर दोघा नवरा-बायकोंचं भांडण झालं.
तांबट आळीत मी नेहमी पाय उचलते.
‘इथं खायला काही नाही,’ म्हणते, ‘चला.’
दहा-बारा घरांतून ठोके यायचे तिथं,
आता एका घरातून येतात, तेही रविवारी क्वचित.
आज आले.
वडील घागरीच्या बुडाला कान लावायचे,
कुठं पत्रा पातळ झालाय ते ऐकायचे.
मी उभी राहिले.
आठही जण उभे राहिले,
काहीतरी खायला मिळणार म्हणून.

आजगावकर बाई जवळ आल्या.
‘तुम्ही आज कशावरच वाकला नाहीत.
वाफ तोंडावर घेतली नाहीत एकदाही.’
मी कार्ड नीट केलं. ते नीटच होतं.
‘माझ्या बहिणीचं गेलं होतं,’ त्या म्हणाल्या,
‘दीड वर्षानं पहिला वास आला तो रॉकेलचा.
आनंदानं रडली, म्हणाली, किती घाण येतेय!’
आणि पर्सच्या आतल्या कप्प्यातून,
औषधाच्या गोळ्यांशेजारून,
एक आमसूल काढून माझ्या तळहातावर ठेवलं.

घाटावर दुतोंड्या मारुतीपाशी
शेवटची गोष्ट सांगायची असते :
गोदेला पूर किती, ते नाशिककर याच्यावरून मोजतात.
पाणी गुडघ्याला, कमरेला, गळ्याला,
आणि डोक्यावरून गेलं की गावात काय ते समजा.
सांगता सांगता आमसूल जिभेखाली सरकलं.
आंबट. ते तर कळतंच.
पण आंबटाच्या मागे, खूप मागे,
उन्हात वाळत घातलेल्या कशाचं तरी काहीतरी.
होतं की मला वाटलं,
शपथ घालाल तर सांगता येणार नाही.
घोट्याला लागेल एवढं पाणी, फार तर.
मी वाक्य मध्येच सोडलं.
कुणी तरी फोटोसाठी ‘हसा’ म्हणालं.

पैसे मोबाईलवर आले, आठांचे सातच,
नवरा-बायको अजून बोलत नव्हते.
पुण्याचा मुलगा सांगत होता की
मित्रांना घेऊन पुन्हा येणार,
तो करपलेला रस्सा खायला.

आता मला पोपटशेठकडे जायचंय.
काय सांगायचं ते सुचत नाही.
आधी वाकून वाफ घेईन म्हणते.